आमची वाटचाल : सोलापुरातून माहितीपटांचं संगीत

लग्नाच्या व्हिडिओंना संगीत लावण्यापासून आम्ही सुरुवात केली. पूर्व भागात, यंत्रमाग कारखान्याला लागूनच भाड्याची खोली होती. भिंतींना चादरी ठोकल्या तरी मागांची खटखट आत यायचीच, त्यामुळे गाण्याबजावण्याचं रेकॉर्डिंग कारखाना बंद असेल त्या दिवशी. पुढे एका तरुण दिग्दर्शिकेने विणकरांवरचा माहितीपट आणला आणि आम्हाला आमचं काम सापडलं.

शेजारशेजारचे दोन माग क्वचितच एका वेगाने चालतात. त्यांचे ठोके जुळत येतात, क्षणभर एक होतात आणि पुन्हा फाकतात. त्यावर हलगी वाजवून पाहिली. रंगत आली, पण धोट्याचा आवाज बुडाला. मग हलगी बाजूला ठेवली, मागाचाच ठेका धरला आणि त्याखाली पेटीचा एकच लांब सूर. विणकर आजोबा तेलुगू वळणाच्या मराठीत बोलायला लागले की तोही सूर थांबवला. माहितीपटात बोलणाऱ्या माणसाचा मान पहिला, यावर आमच्याकडे तडजोड नाही.

त्यामागे तांत्रिक कारणही आहे. शब्द कळण्यासाठी लागणारा बराचसा आवाज 300 ते 3400 हर्ट्झच्या पट्ट्यात असतो. जुन्या टेलिफोनवरून साधारण तेवढाच जायचा. बासरी आणि व्हायोलिन नेमकी तिथेच बोलतात. म्हणून निवेदनाखाली आम्ही खर्जातले सूर वापरतो आणि बासरी मोकळ्या दृश्यांसाठी राखतो.

संकलन पक्कं झाल्याशिवाय अंतिम संगीत बांधत नाही. सेकंदाला 25 फ्रेम धरल्या, तर दहा फ्रेम उडाल्या की सम 0.4 सेकंद चुकते, आणि ते प्रेक्षकाला जाणवतं.

पैशांचं बोलणं आधीच होतं. काही निर्माते सगळे हक्क एकरकमी मागतात. पण 2012 च्या कॉपीराइट दुरुस्तीनंतर चित्रपटगृहाबाहेरच्या वापरातला रॉयल्टीचा वाटा संगीतकाराला करारातही सोडून देता येत नाही. म्हणून प्रत्येक कामासोबत क्यू शीट, म्हणजे कोणतं संगीत कुठे, किती वेळ वाजतं आणि ते कुणाचं याची यादी, देतोच.

जिल्ह्यात कुणी पहिला माहितीपट करत असेल, तर चित्रीकरणाआधीच भेटा. मुलाखत संपल्यावर त्याच जागेचा एक मिनिटाचा नुसता आवाज रेकॉर्ड करून आणा, बजेट कितीही कमी असलं तरी. संगीत कुठे हवं आणि कुठे नको, हे आम्ही त्यावरूनच ठरवतो.