घरी कळू देऊ नका

सोलापूर, गुरुवार रात्र

एचआयव्हीचा पॉझिटिव्ह रिपोर्ट समजावून सांगितला की नवऱ्याच्या तोंडून बहुतेक वेळा पहिलं हेच येतं, "डॉक्टर, घरी कळू देऊ नका." बायको बाहेर बाकावर बसलेली असते, कारखान्यात विड्या देऊन तशीच आलेली. इकडे आड, तिकडे विहीर.

वाट आहे, पण पायऱ्या क्रमानेच चढायच्या. २०१७चा एचआयव्ही कायदा (लागू १० सप्टेंबर २०१८पासून) जोडीदाराला सांगण्याची मुभा देतो, ती डॉक्टर किंवा समुपदेशकाला आणि तीही काही अटींवर. तिला लागण होण्याचा मोठा धोका असायला हवा. "तुम्हीच सांगा" म्हणून त्याला समजावून झालेलं हवं. तरी तो सांगणार नाही, अशी खात्री पटायला हवी. आणि "आता मी सांगणार" हे त्याच्या कानावर आधी घातलेलं हवं. नेमकी ही शेवटची पायरी घाईत गळते. मग त्याला घरी गेल्यावर कळतं आणि तो पुन्हा एआरटी सेंटरची, म्हणजे एचआयव्हीच्या गोळ्या मिळतात त्या केंद्राची, पायरी चढत नाही. गोळ्या सुटल्या की रक्तातला विषाणू वाढतो. जिला वाचवायला बोललो, तिचाच धोका वाढला! तिला सांगायचं ते समोर बसवून, नीट समुपदेशन करून. सासूकरवी निरोप तर मुळीच नको.

पॉझिटिव्ह बाई असेल तर हात आणखी आखडता घ्यावा. मारहाणीची, घराबाहेर काढण्याची रास्त भीती असेल तर सांगायचं नाही, असं कायदाच म्हणतो. हे कलम मला फार मोलाचं वाटतं.

थांबण्याचीही किंमत असते. शेवटच्या संबंधाला ७२ तास उलटले नसतील, तर निगेटिव्ह जोडीदाराला २८ दिवसांच्या पीईपी गोळ्या (लागण टाळण्यासाठीच्या) देता येतात. जितक्या लवकर तितकं बरं. म्हणून तो दिवस पहिल्याच भेटीत विचारावा, कंडोम तेव्हाच हातात द्यावेत आणि पुढची भेट महिन्यावर ढकलू नये.

गुपित फुटतं ते बऱ्याचदा भलतीकडूनच. सोलापूरच्या पूर्व भागातल्या आजीबाईंना तेलुगूच जवळची, म्हणून सोबतचा पुतण्या दुभाषी होतो आणि संध्याकाळपर्यंत गल्लीभर होतं. अशा वेळी तेलुगू येणाऱ्या सिस्टरला बोलवावं, पुतण्याला औषधाच्या रांगेत उभं करावं. केसपेपरवर लाल शाईने मोठ्ठं 'पॉझिटिव्ह' लिहायची सवय तर उद्यापासून बंद व्हायला हवी. तो कागद एक्स-रेच्या खिडकीपासून लॅबपर्यंत दहा हातांतून फिरतो.