मार्गारेट स्ट्रीटवरची लाल वीट

आज लंडनला ऑक्सफर्ड स्ट्रीटवर खरेदीला गेले आणि गर्दीला कंटाळून मागच्या मार्गारेट स्ट्रीटवर शिरले. दोन घरांच्या मध्ये चिमुकलं अंगण, आणि आत ऑल सेंट्स चर्च! वास्तुकार विल्यम बटरफील्डचं. १८५० साली पायाभरणी, १८५९ साली पूर्ण.

जागा केवढीशी, म्हणून बटरफील्डने इमारत उंच नेली. शिखर जवळजवळ ७० मीटर. पण मी खिळले ती भिंतीपाशी. लाल विटांमधून काळ्या विटांचे पट्टे आणि नक्षी. रंग वरून फासलेला नाही, भिंतीच्या अंगातच आहे. हात लावून पाहिला, पावसाने वीट गार होती. त्या काळी मोठ्या चर्चला दगडच हवा असं मानणाऱ्यांपुढे त्याने साधी वीट मानाने उभी केली. याचं मला फार कौतुक वाटतं.

आत रिकामी जागा शोधून सापडत नाही. रंगीत संगमरवर, टाइल्स, सोनेरी झाक. डोळे अंधाराला सरावायला वेळ लागला, मग एकेक रंग वर येत गेला. अर्धा तास नुसती बसून होते.

आणि आठवलं ते कुलाब्याचं अफगाण चर्च. मावशीकडे नेव्हीनगरला जाताना बसमधून दिसायचं. इमारत हेन्री कॉनीबिअरची, पण आतल्या सजावटीत बटरफील्डचा हात आहे. इतक्या वेळा बाहेरून पाहिलं, आत कधी गेलेच नाही. डिसेंबरात मुंबईला येतेय. मावशी, तयार राहा, आपण दोघी जायचं.