वीस किलोमीटरची शांतता आणि अपोलो बंदरचे पाणी

उत्तर ध्रुवाजवळच्या, नॉर्वेच्या स्वालबार्ड बेटांवरच्या न्यू-ऑलेसुंड या गावात वायफाय आणि ब्लूटूथ दोन्हींना मनाई आहे. फोन फ्लाइट मोडवर ठेवायचा. मनगटावरचे घड्याळ, कानातले इअरफोन, बिनतारी माउस, कॅमेऱ्यात आपल्या नकळत चालू राहिलेली जोडणी हे सगळे एकेक तपासून बंद करायचे. आणि हे गावाच्या वेशीपुरते नव्हे, तर भोवतालच्या वीस किलोमीटरच्या त्रिज्येत पाळायचे. संगणकाला इंटरनेट मिळते, पण भिंतीतून आलेल्या तारेने. ७८ अंश ५५ मिनिटे उत्तर अक्षांशावरच्या या वस्तीत हिवाळ्यात तीस-पस्तीस आणि उन्हाळ्यात शंभराहून थोडी अधिक माणसे असतात, आणि बहुतेक सगळी संशोधनासाठी किंवा संशोधकांची व्यवस्था पाहण्यासाठी आलेली असतात.

मी राहते उत्तर नॉर्वेतल्या ट्रॉम्सोला. वर्षभर समुद्रात सोडून ठेवलेल्या तापमापक आणि क्षारतामापक उपकरणांची देखभाल हे माझे काम आहे आणि त्यासाठी मला इकडे यावे लागते. नियम मला आधीपासून ठाऊक होता. धक्का बसला तो नियम पाळला जाताना पाहून. मागे कोणी उभे नसताना, दंडाची भाषा कोणी काढत नसताना, जेवणघरात शिरणारा प्रत्येक जण, मग तो मोठा प्राध्यापक असो की स्वयंपाकघरात भांडी घासणारा मुलगा, नवीन आलेल्याला तितक्याच सहजपणे विचारतो, ‘घड्याळाचे ब्लूटूथ पाहिलेत ना?’ आणि ज्याला विचारले तो अपमान झाल्यासारखा चेहरा करत नाही. मी गिरगावात वाढले. ‘जरा आवाज कमी करता का’ एवढे म्हटल्यावर पुढची दहा वर्षे अबोला धरणारी कुटुंबे मी पाहिली आहेत, त्यामुळे या गोष्टीचे मला किती कौतुक वाटले ते मुंबईकरांना वेगळे सांगायला नको.

रेडिओलहरींची ही शांतता पाळली जाते ती गावाजवळच्या दोन अँटेनांसाठी. नॉर्वेच्या भूमापन खात्याने उभारलेल्या आणि २०१८ मध्ये उद्घाटन झालेल्या या तेरा मीटर व्यासाच्या अँटेना अब्जावधी प्रकाशवर्षे दूर असलेल्या क्वेसारांकडून, म्हणजे अतितेजस्वी दीर्घिका-केंद्रांकडून, येणाऱ्या रेडिओलहरी टिपतात. त्याच क्वेसाराचा संकेत पृथ्वीवरच्या दुसऱ्या अँटेनेपर्यंत किंचित आधी किंवा किंचित नंतर पोहोचतो. दोन्ही ठिकाणच्या आण्विक घड्याळांनी तो फरक मोजला, की हजारो किलोमीटरवरच्या दोन अँटेनांमधले अंतर मिलिमीटरच्या हिशेबात कळते. हे संकेत इतके क्षीण असतात, की जवळ चालू असलेल्या फोनसमोर त्यांचा शोध घेणे म्हणजे लालबागच्या विसर्जन मिरवणुकीत शेजारच्या माणसाचा श्वास ऐकण्यासारखे आहे. म्हणून २ ते ३२ गिगाहर्ट्झ या पट्ट्यात कोणी काही प्रक्षेपित करायचे नाही, आणि ब्लूटूथ २.४ गिगाहर्ट्झवर, तर वायफाय बहुधा २.४ किंवा ५ गिगाहर्ट्झवर, म्हणजे नेमके याच पट्ट्यात चालतात. रोज आकाशात सोडल्या जाणाऱ्या हवामान-फुग्याला मात्र मोकळीक आहे, कारण त्याच्या खाली लटकणारी छोटी पेटी तापमान, आर्द्रता आणि वाऱ्याचे आकडे ४०० मेगाहर्ट्झच्या आसपास पाठवते आणि ती लहर या पट्ट्याच्या बरीच खाली राहते.

‘एवढे अचूक अंतर मोजून करायचे काय?’ हा प्रश्न मला गिरगावातल्या काकांनी फोनवर विचारला, आणि खरे सांगायचे तर हा लेख त्या प्रश्नामुळेच लिहायला घेतला आहे.

काका, समुद्राची पातळी वाढते असे आपण म्हणतो तेव्हा ती कशाच्या तुलनेत वाढते, हे आधी ठरवावे लागते. मुंबईच्या अपोलो बंदरला भरती-ओहोटी मोजणारे यंत्र आहे आणि तिथल्या नोंदी १८७८ पासूनच्या आहेत. आशिया खंडात इतक्या जुन्या नोंदी फार थोड्या बंदरांकडे आहेत आणि याचा मुंबईकरांनी जरूर अभिमान बाळगावा. पण ते यंत्र पाण्याची उंची किनाऱ्याच्या तुलनेत सांगते. किनाराच खचत किंवा उचलला जात असेल, तर तो फरकही त्याच आकड्यात मिसळतो. उपग्रह वरून समुद्राची उंची मोजतात, परंतु उपग्रह स्वतः नेमका कुठे आहे हे ठरवण्यासाठी पृथ्वीचा एक स्थिर साचा, म्हणजे कोणती जागा नेमकी कुठे आहे हे सांगणारी चौकट, लागतो, आणि तो साचा न्यू-ऑलेसुंडसारख्या जगभर विखुरलेल्या अँटेनांच्या मोजमापांतून बांधला जातो. समुद्री बर्फाची जाडी मोजणारा क्रायोसॅट-२ हा २०१० पासून फिरणारा उपग्रहसुद्धा पाण्याच्या वर डोकावणाऱ्या बर्फाची काही सेंटिमीटरांची उंची मोजतो आणि त्यावरून पाण्याखालच्या भागाचा अंदाज बांधतो. तिथे साचाच डळमळीत असेल, तर बर्फ पातळ झाला की नाही हेही खात्रीने सांगता येणार नाही.

दुसरी गोष्ट मला स्वतःला इथे आल्यावरच नीट उमगली. समुद्रावर तरंगणारा बर्फ वितळल्याने पाण्याची पातळी जवळपास वाढत नाही, कारण त्याने आपल्या वजनाइतके पाणी आधीच बाजूला सारलेले असते. त्याच्या जाण्याचे नुकसान निराळे आहे: बर्फाने झाकलेला पांढरा पृष्ठभाग ऐंशी टक्क्यांच्या वर सूर्यप्रकाश परत पाठवू शकतो आणि उघडे पाणी सहा-सात टक्केच पाठवते, त्यामुळे बर्फ हटला की समुद्र उष्णता गिळू लागतो. पातळी वाढवतो तो जमिनीवरचा बर्फ, म्हणजे ग्रीनलंड, अंटार्क्टिका आणि जगभरच्या हिमनद्या. आणि हे पाणी सगळीकडे सारखे वाटले जात नाही. मोठा हिमस्तर आपल्या वस्तुमानाने भोवतालचा समुद्र स्वतःकडे ओढून धरतो. तो झिजला, की ती ओढ कमी होते, पाणी जवळून निघून दूर पसरते आणि हलकी झालेली जमीन वर उचलली जाते. न्यू-ऑलेसुंडमध्ये ही अँटेना ज्या खडकावर उभी आहे तो दरवर्षी काही मिलिमीटर वर येतो आहे, आणि इथल्या किनाऱ्यावर समुद्र उलट खाली गेल्यासारखा दिसतो. ग्रीनलंड झिजल्याने जगाच्या समुद्रात जी सरासरी वाढ होते, तिच्यापेक्षा थोडी अधिक वाढ दूरच्या उष्ण कटिबंधाच्या वाट्याला येते, आणि मुंबई तिथेच वसलेली आहे. ज्या किनाऱ्यावरून बर्फ जातो आहे, तिथली माणसे पायाखालची जमीन वर येताना पाहतात, आणि ते पाणी वरळी-माहीमच्या कोळीवाड्यांच्या दिशेने येते. या अन्यायाचा राग माझ्या मनातून जात नाही.

त्यामुळे ‘मुंबईचा बर्फाशी काय संबंध’ असे कोणी म्हटले, की मला शांत राहता येत नाही. गोव्याच्या राष्ट्रीय ध्रुवीय आणि महासागर संशोधन केंद्रातल्या शास्त्रज्ञांनी २०२१ मध्ये दाखवले, की उन्हाळ्यात रशियाच्या उत्तरेकडच्या कारा समुद्रात बर्फ कमी असणे आणि सप्टेंबरमध्ये मध्य भारतात अतिवृष्टी होणे यांच्यात संबंध असू शकतो: उघड्या पाण्यामुळे वरच्या थरातले वाऱ्यांचे प्रवाह बदलतात आणि तापलेला अरबी समुद्र त्यात बाष्पाची भर घालतो. एकट्या बर्फामुळे पाऊस पडतो असे कोणी म्हणत नाही आणि कोणी म्हणूही नये. पण संबंधच नाही असे म्हणण्याची सोय आता उरलेली नाही.

शांततेच्या बाबतीतही मला मुंबईला सरसकट दोषी ठरवायचे नाही. तीस-पस्तीस माणसांच्या, सरकारी कंपनीने चालवलेल्या गावात शिस्त पाळणे आणि लोकलच्या डब्यात शिस्त पाळणे यांची तुलना होऊ शकत नाही. शिवाय मोजमापासाठी शांतता राखण्याचा धडा मुंबईने न्यू-ऑलेसुंडच्या कितीतरी आधी घालून दिला आहे. कुलाब्याच्या वेधशाळेत १८४० च्या दशकापासून पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राच्या नोंदी होत होत्या. १८५९ च्या सप्टेंबरमधल्या प्रचंड सौरवादळाची तिथली नोंद आजही जगभरचे अभ्यासक वापरतात. पुढे मुंबईत विजेच्या ट्राम येणार असे ठरले, तेव्हा त्यांच्या प्रवाहाने नोंदी बिघडतील हे ओळखून संचालक नानाभाई मूस यांनी चुंबकीय वेधशाळा अलिबागला नेली. चुंबकीय गुणधर्म नसलेला दगड निवडून तिथे इमारत बांधली गेली. अलिबागचे काम १९०४ मध्ये सुरू झाले आणि कुलाब्याचे लगेच बंद न करता १९०६ पर्यंत दोन्हीकडे एकाच वेळी नोंदी घेतल्या गेल्या, जेणेकरून जुनी मालिका नव्या मालिकेला बिनचूक जोडता यावी. न्यू-ऑलेसुंडमध्येही जुनी अँटेना आणि नवी अँटेना काही काळ बरोबरीने चालवल्या, त्या याच कारणासाठी. इथल्या तंत्रज्ञांना मी मूस यांची ही हकिगत सांगितली, तेव्हा त्यांच्यातल्या एकाने टेबलावरचा कागद ओढून अलिबाग आणि १९०४ हे दोन शब्द लिहून घेतले. माझा ऊर भरून आला.

मी करते ते काम गावासमोरच्या काँग्सफ्योर्ड या खाडीत चालते. इथे भारताचेही इंडआर्क नावाचे निरीक्षणस्थानक आहे. २०१४ च्या जुलैमध्ये ते सुमारे १९२ मीटर खोल पाण्यात प्रथम सोडले गेले. अशा स्थानकाची रचना साधी असते: तळाशी जड नांगर, वर ताठ उभा राहणारा दोर, दोराला ठरावीक खोलीवर बांधलेली उपकरणे आणि माथ्याशी तरंगते गोळे. वर्षाने बोट त्या जागी येते, पाण्यात ध्वनीचा ठरलेला संकेत सोडते, तळाजवळचा हूक उघडतो, नांगर खाली राहतो आणि बाकी सगळा दोर वर येतो. पिवळे गोळे पाण्यावर उसळून आले, की डेकवर कोणी ओरडत नाही, पण सगळ्यांचे खांदे सैल पडतात. वर आलेल्या उपकरणांवर हिरवट शेवाळाचा बुळबुळीत थर असतो, क्वचित शंखाएवढे जीव चिकटलेले असतात. ते खरवडण्याआधी छायाचित्र काढायचे, प्रत्येक उपकरणाचे घड्याळ वर्षभरात किती सेकंद पुढे-मागे गेले ते लिहायचे आणि बोटीवरून नुकत्याच घेतलेल्या मोजमापाशी त्याचे आकडे ताडून पाहायचे. हा भाग कंटाळवाणा आहे असे अनेकांना वाटते. मला तो सर्वांत महत्त्वाचा वाटतो, कारण क्षारतेतली चूक दुसऱ्या-तिसऱ्या दशांशात लपते.

या आकड्यांतून खाडीची कहाणी दिसते. खारे पाणी उणे १.८ अंशांच्या आसपास गोठते आणि गोठताना मीठ बाहेर टाकते. ते जड, खारे पाणी तळाशी जाते. पूर्वी ही खाडी हिवाळ्यात आतल्या भागात भरवशाने गोठत असे. २००५-०६ च्या हिवाळ्यात अटलांटिकचे कोमट पाणी आत घुसले आणि तेव्हापासून बर्फाचा तो भरवसा राहिला नाही. आर्क्टिक जगाच्या सरासरीच्या जवळपास चौपट वेगाने तापते आहे, आणि भर हिवाळ्यात इथे पाऊसही पडतो.

जेवणाच्या टेबलावर एका युरोपीय पाहुण्याने मला विचारले, की भारताला इतक्या लांब येऊन संशोधन करण्याची गरज काय. प्रश्न सभ्य होता, पण मला तो लागला. स्वालबार्डच्या १९२० च्या करारावर भारताची सही आहे, आमचे हिमाद्री हे संशोधन केंद्र इथे २००८ पासून आहे आणि डिसेंबर २०२३ पासून आमचे लोक हिवाळ्याच्या काळोखातही इथे काम करतात, हे मी त्यांना सांगितले. अंटार्क्टिकाच्या १९८३ च्या भारतीय मोहिमेत आदिती पंत आणि सुदीप्ता सेनगुप्ता या शास्त्रज्ञ होत्या, हेही सांगितले. मुंबई सोडून परदेशी संस्थेत काम करते म्हणून मलाही घरच्यांकडून टोमणे मिळतात. माझे म्हणणे इतकेच आहे, की मी ज्या आकड्यांची राखण करते ते सर्वांसाठी खुले असतात आणि ते पनवेलच्या भूचुंबकत्व संस्थेतल्या किंवा पवईतल्या विद्यार्थ्याला माझ्याइतकेच सहज मिळतात. मुंबईचे काम मुंबईत राहूनच होते हे मला मान्य नाही.

शांतता मोडणारे नेहमी आपल्याकडचेच असतात हेही खरे नाही. उन्हाळ्यात पर्यटकांची जहाजे खाडीत येतात, आणि वारंवार सांगूनही कोणाचा तरी फोन चालू राहतो. त्याहून मोठी अडचण डोक्यावर आहे. इंटरनेट पुरवणाऱ्या उपग्रहांचे थवे वाढत चालले आहेत, त्यांची प्रक्षेपणे याच पट्ट्यात येतात आणि वीस किलोमीटरचा नियम आकाशाला लागू होत नाही. कोणती लहर कोणी वापरायची हे आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघात राष्ट्रे मिळून ठरवतात, आणि भारत त्या संघाचा सदस्य आहे. उपग्रहांद्वारे इंटरनेट आपल्या दुर्गम खेड्यांना हवे आहे आणि ते मिळायलाच हवे. परंतु त्याचे परवाने देताना अशा अँटेनांवरून जाताना प्रक्षेपण थांबवण्याची अट भारताने घालावी, आणि संघात तीच मागणी मांडावी, अशी माझी इच्छा आहे. दिल्लीतल्या संबंधित खात्याला मी तसे पत्र लिहिते आहे. अलिबाग आणि अपोलो बंदर या दोन्ही नोंदींचा उल्लेख त्यात पहिल्याच परिच्छेदात केला आहे.