डाव्या आर्मचे लोड उजव्या आर्मला लावताना

वाहनाच्या सुट्या भागांवर येणारा ताण संगणकावर काढायचा आणि तो भाग किती टिकेल याचा अंदाज बांधायचा, हे माझे रोजचे काम आहे. पुण्यातल्या आमच्या गटाकडे प्रामुख्याने सस्पेन्शनचे भाग येतात. गेल्या पावसाळ्यात आलेल्या एका लोअर कंट्रोल आर्मविषयी, म्हणजे चाकाला गाडीच्या चासीशी जोडणाऱ्या खालच्या दांड्याविषयी, लिहावेसे वाटते, कारण त्या आर्मच्या निमित्ताने टेन्सरचे (अक्ष बदलले की ज्यांचे घटक ठरावीक नियमाने बदलतात अशा राशींचे) गणित, जे आम्ही अभियंते परीक्षेपुरते शिकतो आणि नंतर सॉफ्टवेअरच्या भरवशावर सोडून देतो, ते थेट अहवालातल्या आकड्याशी येऊन भिडले.

आर्म साधाच होता: पत्रा दाबून आणि वेल्ड करून बनवलेला, चासीच्या बाजूला दोन रबरी बुश आणि चाकाच्या बाजूला बॉल जॉइंट. चाकावरचे बल मोजणारी उपकरणे महाग असल्यामुळे रस्त्यावरची मोजणी फक्त डाव्या चाकावर झाली होती. त्या मोजणीवरून डाव्या आर्मच्या तिन्ही जोडांवरचे लोड काढले गेले होते. प्रत्येक जोडाला सहा स्तंभ, तीन बलाचे आणि तीन मोमेंटचे, म्हणजे बलाच्या फिरवणाऱ्या परिणामाचे. उजव्या आर्मसाठी हेच लोड एका स्क्रिप्टमधून आरशात उलटवून घेतले होते. ही स्क्रिप्ट गटात बरीच वर्षे हातोहात फिरत आली होती आणि ती लिहिणारा अभियंता केव्हाच दुसरीकडे गेला होता.

सकाळी आमच्या गटातली एक तरुण अभियंता दोन्ही आर्मची चित्रे घेऊन आली. डाव्या आर्मचे फटीग आयुष्य (वारंवार येणाऱ्या ताणाखाली भाग किती टिकेल तो अंदाज) अपेक्षेप्रमाणे होते. उजव्याचे मागच्या बुशजवळच्या वेल्डपाशी त्याच्या निम्म्याहूनही कमी भरत होते.

"सर, भाग आरशातला आहे, लोडही आरशातले आहेत. मग आयुष्य वेगळं कसं येईल?"

प्रश्न बिनतोड होता. पहिला संशय अर्थातच मेशवर, म्हणजे गणितासाठी भागाचे जे बारीक तुकडे पाडतात त्यांवर, गेला, पण उजव्या आर्मची मेश डाव्याचीच उलटवलेली होती. इथे एक गंमत सांगायला हवी. चार नोडच्या (कोपऱ्यांच्या) घन एलिमेंटचे, म्हणजे मेशच्या एका तुकड्याचे, आकारमान सॉल्व्हर (गणित सोडवणारे सॉफ्टवेअर) तीन कडांच्या सदिशांच्या त्रिगुणाकारातून काढतो, आणि नुसते नोड आरशात उलटवले तर हे आकारमान ऋण येते. आकारमान हा एकच आकडा, म्हणजे दिसायला अदिश. पण त्रिगुणाकारातून आलेला हा अदिश आरशापुढे चिन्ह बदलतो. मेश बनवणाऱ्या प्रत्येक सॉफ्टवेअरला हे ठाऊक असते, म्हणून ते नोडचा क्रम आपोआप फिरवून घेते, आणि न घेतल्यास सॉल्व्हर काम सुरूच करत नाही. भूमितीवर असा पहारा असतो. लोडच्या फाइलवर तो नसतो.

मी तिला इनर्शिया रिलीफचे आउटपुट उघडायला सांगितले. आर्म कुठेही न जखडता, हवेत तरंगत असल्यासारखा सोडायचा, त्यावर सगळे लोड लावायचे आणि जे काही असंतुलित उरेल ते त्याच्या स्वतःच्या जडत्वाने पेलायचे, अशी ही पद्धत आहे. ती सोयीची आहे, पण तिच्यात एक खोट आहे: लोड चुकीचे असले तरी ती तक्रार करत नाही, उरलेल्या मोमेंटला पुरेल एवढे कोनीय त्वरण ती भागाला निमूटपणे देऊन टाकते. डाव्या आर्मसाठी उरलेले बल आणि उरलेला मोमेंट दोन्ही नगण्य होते. उजव्यासाठी उरलेले बल तेवढेच होते, मोमेंट मात्र शंभर न्यूटन-मीटरच्या पुढे गेला होता. तिने कॅल्क्युलेटर काढून दोन्ही बुशच्या मोमेंटची बेरीज केली, आणि उरलेला मोमेंट त्या बेरजेच्या बरोबर दुप्पट निघाला. बरोबर दुप्पट म्हणजे चिन्हाची चूक. हे आमच्या धंद्यात कोणालाही सांगावे लागत नाही.

स्क्रिप्ट उघडली तर त्यात अवघ्या दोन ओळींचे काम होते. आमच्या अक्षांत क्ष मागे, य उजवीकडे आणि झ वर असतो, आणि आरसा म्हणजे गाडीच्या मधोमध उभे असलेले प्रतल. स्क्रिप्ट बलाचा य-घटक उलटवत होती, जे बरोबर आहे, आणि मोमेंटचाही य-घटक उलटवत होती, जे बरोबर नाही. मोमेंटच्या बाबतीत नेमके उलट होते: य-घटक तसाच राहतो आणि क्ष व झ उलटतात. म्हणजे स्क्रिप्टने मोमेंटचा एकही घटक धडपणे लावला नव्हता. तिन्हींची चिन्हे उलटी पडली होती.

तिला हे पटेना. "मोमेंट व्हेक्टरच आहे ना, सर? मग बलाचा नियम त्याला का नाही चालत?"

आम्ही कागदावर हिशेब केला. आर्मवरचा एक बिंदू मध्य-प्रतलाच्या डावीकडे 0.5 मीटर आणि मूळ बिंदूच्या मागे 0.2 मीटर आहे, आणि त्यावर सरळ वर 1000 न्यूटन बल आहे. मूळ बिंदूभोवतीचा मोमेंट क्ष-दिशेने −500 आणि य-दिशेने −200 न्यूटन-मीटर येतो. आता बिंदू उजवीकडे तेवढ्याच अंतरावर न्यावा. बल आहे तसेच वर. मोमेंट येतो क्ष-दिशेने +500 आणि य-दिशेने पुन्हा −200. कारण उघड आहे. मोमेंट म्हणजे स्थान आणि बल यांचा सदिश गुणाकार. आरशात दोघेही आपापल्या परीने उलटतात, आणि गुणाकाराचा उजव्या हाताचा नियम मात्र आपण दोन्ही बाजूंना तोच वापरतो. त्यामुळे मोमेंटसारख्या सदिशाला, ज्याला अक्षीय सदिश म्हणतात, आरशात एक जास्तीचे ऋण चिन्ह मिळते.

तरीही कागदावरचा हिशेब पटणे वेगळे आणि हाताला पटणे वेगळे. तिला खरे समाधान चाकाने दिले. गाडी पुढे जाताना डावे आणि उजवे चाक दोन्ही एकाच दिशेने फिरतात, म्हणजे दोघांच्या कोनीय वेगाचा य-घटक एकाच चिन्हाचा असतो. स्क्रिप्टचा नियम कोनीय वेगाला लावला, तर डावे चाक पुढे धावत असताना उजवे मागे धावेल. व्हील अलाइनमेंट करणारा कारागीर हे गणित न मांडता रोज पाळतो: टो (वरून दिसणारे चाकाचे वळण) आणि कॅम्बर (समोरून दिसणारा चाकाचा कल) हे झ आणि क्ष अक्षांभोवतीचे कोन असल्याने डाव्या-उजव्या बाजूंना गाडीच्या अक्षांत उलट चिन्हाचे येतात, आणि कॅस्टर (बाजूने दिसणारा स्टीअरिंगच्या अक्षाचा कल) य अक्षाभोवतीचा असल्याने दोन्हीकडे एकाच चिन्हाचा.

मग ही स्क्रिप्ट इतकी वर्षे टिकली कशी? तिचा बहुतेक वापर टाय रॉड आणि लिंक यांसारख्या भागांसाठी झाला होता, ज्यांच्या दोन्ही टोकांना बॉल जॉइंट असतात; ते मोकळे फिरत असल्याने मोमेंटचे स्तंभ जवळजवळ शून्य असतात. शिवाय लोड एका अक्षव्यवस्थेतून दुसरीत फिरवण्याचा भागही तिच्यातच होता, आणि तो निर्दोष होता. कितीही अंशांनी फिरवा, मोमेंट बलासारखाच वागतो, एका पैचाही फरक पडत नाही. फिरवून तपासणाऱ्याला तो अस्सल सदिशच वाटणार. शिवाय एकाच बेरजेत दोन जातींचे मोमेंट मिसळलेले होते: बल आणि अंतर यांतून सॉल्व्हरने स्वतः काढलेले, जे आपोआप बरोबर उलटत होते, आणि फाइलमध्ये तीन आकडे म्हणून आयते लिहिलेले, जे उलटत नव्हते.

हा पेच जुना आहे. 1820 मध्ये भौतिकशास्त्रज्ञ अर्स्टेडने विद्युतप्रवाह वाहणाऱ्या तारेजवळची चुंबकसूची बाजूला वळताना दाखवली. तार आणि तिला समांतर ठेवलेली सूची एकाच उभ्या प्रतलात असतील, तर ते प्रतल आरसा मानून सगळी मांडणी सममित दिसते. मग सूचीने डावी बाजू निवडावी की उजवी? पुढे भौतिकशास्त्रज्ञ माखने या कोड्याचा आवर्जून उल्लेख केला. उत्तर असे, की सूचीचे चुंबकत्व अक्षीय आहे आणि त्या आरशात तिचा उत्तर ध्रुव दक्षिण होतो, त्यामुळे मांडणी मुळात सममित नव्हतीच. विद्युतक्षेत्र आणि चुंबकीय क्षेत्र यांच्या सममितीतला हा भेद प्येर क्यूरीने 1894 मध्ये स्पष्ट मांडला. आमच्या शेजारी विद्युत मोटरवर काम करणारा गट बसतो. अर्ध्या मॉडेलच्या सममिती-प्रतलावर चुंबकीय क्षेत्राची अट विद्युतक्षेत्राच्या उलट लावायची, हे त्यांच्या अंगवळणी पडलेले आहे. आमच्या त्यांच्याशी गप्पा होतात, पण चहाच्या वेळी, आणि लोड फाइलींवर नव्हेत.

चिन्हे दुरुस्त करून विश्लेषण पुन्हा चालवले, तेव्हा दोन्ही आर्मचे आयुष्य दशांशापर्यंत जुळले. पण मुलीने तेवढ्यावर सोडले नाही. तिने विचारले, की मग ताणाचे काय? ताण अस्सल टेन्सर आहे आणि त्याचा हिशेब सरळ आहे: ज्या घटकाच्या खुणेत (उदाहरणार्थ क्ष-य) य एकदाच येतो तो उलटतो, दोनदा येतो किंवा येतच नाही तो तसाच राहतो. विकृती, म्हणजे स्ट्रेन, हाही टेन्सरच. मात्र सॉल्व्हर आपल्याला जे सहा आकडे छापून देतो, तो टेन्सर नव्हे.

हे मला जरा सविस्तर सांगावे लागले, कारण तिला पुढच्याच आठवड्यात प्रयोगशाळेतल्या आर्मवर तिरक्या लावलेल्या स्ट्रेन गेज रोझेटशी (एकाच जागी वेगवेगळ्या दिशांची विकृती मोजणाऱ्या पट्ट्यांशी) आकडे जुळवायचे होते. सॉल्व्हर कर्तन-विकृती (काटकोन तिरका होण्याची विकृती) म्हणून गॅमा देतो, जी टेन्सरच्या घटकाच्या दुप्पट असते. ही दुप्पट मुद्दाम ठेवलेली आहे, कारण त्यामुळे ताण आणि विकृती यांचे सहा-सहा आकड्यांचे स्तंभ गुणून थेट ऊर्जा मिळते. पण तो स्तंभ तसाच चौकटीत मांडून फिरवला तर घोटाळा होतो. नुसती कर्तन-विकृती घ्या, गॅमा 1000 मायक्रोस्ट्रेन (विकृतीचे दशलक्षांश). 45 अंशांत फिरवल्यावर खऱ्या मुख्य विकृती +500 आणि −500 येतात; गॅमाच घटक समजून फिरवले तर +1000 आणि −1000. 90 अंशांत फिरवून तपासले तर चूक सापडतच नाही, कारण तिथे फक्त चिन्ह बदलते. आरशातही सापडत नाही. मोमेंट प्रत्येक फिरवण्यात खरा आणि आरशात खोटा. गॅमा आरशात खरी आणि तिरक्या फिरवण्यात खोटी. 'टेन्सरसारखे वागते का' असे विचारून भागत नाही. कोणत्या बदलाखाली, हे प्रश्नातच यावे लागते. आजच्या अर्थाने टेन्सर हा शब्द भौतिकशास्त्रज्ञ फोग्टने 1898 मध्ये स्फटिकांच्या गुणधर्मांसाठी वापरला, आणि सहा आकड्यांचा हा स्तंभही त्याच्याच नावाने ओळखला जातो. माणूस एकच, सोयही त्याचीच आणि शिस्तही.

संध्याकाळी विषय बुश दाबून बसवण्यावर आला, कारण आर्मच्या कड्यावर त्यामुळे आधीच ताण असतो. कड्याची त्रिज्या 20 मिलिमीटर आणि ते सर्व बाजूंनी सारखेच 0.02 मिलिमीटर बाहेर ढकलले गेले, तर परिघाच्या दिशेने विकृती 1000 मायक्रोस्ट्रेन होते: विस्थापन भागिले त्रिज्या. पण कोनानुसार तर काहीच बदलत नाही. घटकांचे नुसते अवकलन केले तर शून्य येते. ही भागिले त्रिज्या क्रिस्टोफेल चिन्हांतून, म्हणजे अक्षांच्या दिशा जागोजागी कशा बदलतात ते सांगणाऱ्या आकड्यांतून, येते. सरळ अक्षांत ही चिन्हे सगळी शून्य असतात, वक्र अक्षांत नसतात, आणि जो खरा टेन्सर एका व्यवस्थेत शून्य असतो तो सगळ्यांत शून्यच असतो. म्हणजे क्रिस्टोफेल चिन्हे टेन्सर नव्हेत. सरळ अक्ष फिरवण्यापुरती ती टेन्सरसारखी वागतात, अक्ष वाकवले की नाही. घटकांचे नुसते अवकलनही टेन्सर नव्हे. पण दोघांतला दोष एकमेकांना तंतोतंत छेदतो आणि बेरीज टेन्सर निघते. दोन अपुऱ्या राशींनी मिळून एक पुरी राशी घडवावी, हा भाग मला या सगळ्या गणितात सर्वांत देखणा वाटतो, आणि तो मी तिला सांगताना जरा जास्तच वेळ घेतला. ऑफिसची शेवटची बस चुकली.

दुसऱ्या दिवसापासून आम्ही लोड आणि निकालांच्या फाइलींचे मथळे बदलले. आता प्रत्येक स्तंभसमूहावर तो ध्रुवीय (म्हणजे बलासारखा) सदिश आहे, अक्षीय सदिश आहे, टेन्सर आहे की दुप्पट कर्तनाचा स्तंभ आहे, हे लिहावे लागते, आणि ते नसेल तर स्क्रिप्ट थांबते. उलटवलेल्या लोडचे उरलेले बल आणि मोमेंट मूळ लोडशी आरशाच्या नियमाने पडताळले जातात. जुन्या प्रकल्पांतले ज्यांना बुश होते आणि ज्यांची उजवी बाजू उलटवून घेतली होती, तेवढे भाग पुन्हा चालवायला घेतले आहेत. मागच्या सस्पेन्शनच्या एका आर्मचा निकाल बदलला आहे, सुदैवाने चांगल्या बाजूला, आणि त्याचा सुधारित अहवाल ग्राहकाकडे गेला आहे.