जेलरोडचे काका, त्यांचा ट्रक आणि शेवटच्या घटका मोजणारी डी ड्राइव्ह

मी नाशिकरोडला कॉम्प्युटर रिपेअरिंग करतो. दुकान छोटंच आहे, निम्मी कामं लोकांच्या घरी जाऊनच होतात. हल्ली एक काम फार वाढलंय. सी ड्राइव्ह लाल झाली म्हणजे भरली, गेम दुसऱ्या ड्राइव्हवर टाकून द्या. पूर्वी गेम म्हणजे दहा-पंधरा जीबी, आता जीटीए फाइव्ह एकटाच शंभर जीबीच्या वर जातो आणि स्वस्तातल्या पीसीत एसएसडी, म्हणजे हार्डडिस्कपेक्षा वेगवान ड्राइव्ह, असते अडीचशे जीबीची, मग होणार काय. बहुतेकांना वाटतं की फोल्डर उचलायचं आणि तिकडे टाकायचं, झालं काम. आणि काही दुकानवाल्यांचं एकच उत्तर, फॉरमॅट मारावं लागेल. या फॉरमॅटवर माझा फार राग आहे, का ते या केसवरून कळेल.

फोन आला जेलरोडवरून. काका एसटीत ड्रायव्हर होते, रिटायर होऊन बरीच वर्षं झाली. कसारा घाट, वणीचा गड, सगळं चालवलेलं. मुलगा पुण्याला असतो, त्याने वडिलांना पीसी घेऊन दिला, सोबत लॉजिटेकचं स्टीअरिंग, पेडल, गिअर सगळं, आणि युरो ट्रक सिम्युलेटर टू हा ट्रक चालवायचा गेम टाकून दिला. काका रोज सकाळी चहा झाला की दोन तास ट्रक चालवतात. खरंखुरं सांगतो, ते स्टीअरिंग टेबलाला इतकं व्यवस्थित बसवलेलं होतं आणि खुर्चीची उंची इतकी मोजून घेतलेली होती की बघूनच कळत होतं हा माणूस आयुष्यभर गाडीवर बसलाय. ते जास्त करून इंग्लंडातच चालवतात कारण गेममध्येसुद्धा तिथे आपल्यासारखी डावीकडून वाहतूक आहे, बाकी युरोपात गेलं की उजवीकडे. कॅलेला पोचले की बोटीने डोव्हरला उतरायचं आणि मग निवांत, असं म्हणाले.

तक्रार अशी की शहर जवळ आलं की गाडी दोन-दोन तीन-तीन सेकंद गोठते आणि परत चालू होते तेव्हा पुढच्याच्या बुडात घुसलेली असते. "आयुष्यात एक ॲक्सिडेंट नाही केला आणि इथे रोज दंड भरतोय," काका म्हणाले. एका दुकानात दाखवलं तर सांगितलं, नवी एसएसडी टाका आणि फॉरमॅट करून सगळं नवीन टाकून देतो. काकांनी विचारलं माझं सगळं राहील ना, तर म्हणे गेम परत डाउनलोड होतो की. काकांना काहीतरी खटकलं म्हणून त्यांनी मला बोलावलं, आणि दारातच मला म्हणाले ते वाक्य मी विसरणार नाही. "गाडी नवी द्या, पण किलोमीटर शून्य करू नका."

आता मुद्दा तोच आहे. गेम म्हणजे दोन वेगळ्या गोष्टी असतात, एक इन्स्टॉल केलेला गेम जो पन्नास वेळा परत मिळतो, आणि दुसरं तुम्ही त्यात केलेलं काम म्हणजे सेव्ह, जे बऱ्याचदा भलत्याच ठिकाणी पडलेलं असतं आणि गेलं की गेलं. युरो ट्रकचा गेम स्टीमच्या, म्हणजे गेम विकत घ्यायच्या आणि चालवायच्या ॲपच्या, फोल्डरमध्ये असतो पण प्रोफाइल, म्हणजे खेळणाऱ्याचं खातं आणि त्यातले सेव्ह, डॉक्युमेंट्समध्ये. प्रोफाइल बनवताना स्टीम क्लाउडची खूण केली असेल तर ते ऑनलाइन जातं, नसेल केली तर फक्त तुमच्या पीसीवर. काकांच्या मेन प्रोफाइलला ती खूण नव्हती. म्हणजे फॉरमॅट झालं असतं तर लाखाच्या वर किलोमीटर, पाच गाड्यांची गॅरेजं, फेडलेलं बँकेचं कर्ज, सगळं साफ.

आधी मी काहीच न हलवता क्रिस्टलडिस्कइन्फो लावला, डिस्कची तब्येत दाखवणारं सॉफ्टवेअर. सी ड्राइव्ह निळी म्हणजे ठीक, आणि डी ड्राइव्ह, एक टीबीची जुनी हार्डडिस्क, पिवळी. सी-फाइव्ह नावाची ओळ असते त्यात, म्हणजे वाचता न आलेले आणि निकालाची वाट बघत बसलेले सेक्टर (डिस्कवरचे छोटे कप्पे), तिथे आकडा होता आणि शून्य नसला की समजायचं दिवस भरत आलेत. गोठण्याचं कारण तेच, या गेममध्ये रस्ता पुढे जाल तसा डिस्कवरून उचलला जातो आणि शहर आलं की एकदम भरपूर उचलायचं असतं, त्यात खराब जागा आली की डिस्क परत परत वाचायचा प्रयत्न करत बसते आणि तोवर गेम थांबून राहतो. आता डॉक्युमेंट्स बघायला गेलो तर अजून एक, सी ड्राइव्ह भरते म्हणून कोणीतरी डॉक्युमेंट्सचं लोकेशनच डीवर नेऊन ठेवलेलं. म्हणजे गेमही मरायला टेकलेल्या डिस्कवर आणि सेव्हही तिथेच!

अशा वेळी ऑर्डर फार महत्त्वाची असते. स्टीमचं मूव्ह बटण दाबून अख्खा गेम ओढायला लागलो आणि डिस्कने मधेच मान टाकली तर सेव्हपण हातचे गेले. म्हणून आधी सेव्ह, मग मोड म्हणजे गेममध्ये वरून टाकलेल्या गाड्या वगैरे, मग स्क्रू ड्रायव्हर, आणि गेम सगळ्यात शेवटी.

प्रोफाइल्सच्या फोल्डरमध्ये दोन फोल्डर होते, नावं म्हणजे नुसते आकडे. एकाचं नाव ५३४१५२४१५४४८४९. काका म्हणाले हे काय, माझं तर नाव दिलेलं आहे. हा गेम प्रोफाइलचं नाव अक्षरांच्या कोडमध्ये लिहितो, दोन-दोन आकडे एकेका अक्षराचे. मी कागदावर काढून दाखवलं, ५३ म्हणजे एस, ४१ म्हणजे ए, ५२ आर, परत ४१ ए, ५४ टी, ४८ एच, ४९ आय. सारथी! काकांनी तो कागद घेतला, चष्मा लावून परत पहिल्यापासून जुळवला आणि काकूंना हाक मारून दाखवला. दुसरं फोल्डर मुलाने टेस्टिंगला बनवलेलं निघालं, पण तेही घेतलं, अशा वेळी निवडत बसायचं नसतं.

कॉपी मी रोबोकॉपीने केली, ही फाइली कॉपी करायची कमांड विंडोजमध्येच असते. साधं कॉपी-पेस्ट एका खराब फाइलवर अडकलं की सगळं तिथेच थांबतं. रोबोकॉपीला पण सांगावं लागतं की एकदाच परत प्रयत्न कर आणि पुढे जा, कारण न सांगितल्यास ती दहा लाख वेळा प्रयत्न करते आणि प्रत्येक वेळेस तीस सेकंद थांबते. खराब डिस्कवर हे म्हणजे तिला घासून घासून मारणंच. डिस्क हाताला चांगलीच गरम लागत होती, काकूंनी टेबलफॅन आणून तिच्याकडे तोंड करून लावला. स्पीड काही केबीवर यायचा, परत उचल खायचा. काका शेजारी हाताची घडी घालून उभे, एक शब्द नाही.

सगळं आलं, एक सोडून. सगळ्यात ताज्या ऑटोसेव्हमधली गेम डॉट एसआयआय नावाची फाइल वाचता आली नाही, आणि मेन माहिती त्याच फाइलीत असते. पण या गेमची एक गोष्ट चांगली आहे की तो एकच सेव्ह ठेवत नाही, ऑटोसेव्ह वेगळे, काम घेतल्यावरचे वेगळे, हाताने केलेले वेगळे. त्याच्या आधीचा सेव्ह व्यवस्थित होता. मी काकांना स्पष्ट सांगितलं की शेवटचं थोडं गेलं. त्यांनी विचारलं कुठपर्यंतचं. तारीख-वेळ सांगितली तर म्हणाले रॉटरडॅमहून माल उचलला होता, म्हणजे तेवढी एक फेरी. "एक फेरी काय, परत मारू," आणि तेव्हा कुठे खुर्चीत बसले.

मोडचं पण लोक विसरतात. स्टीमच्या वर्कशॉपमधून, म्हणजे मोड मिळायच्या पानावरून, सबस्क्राइब केलेले मोड स्टीमच्या फोल्डरमध्ये येतात, ते स्टीम सांभाळतं. पण बाहेरून आणून टाकलेले मोड डॉक्युमेंट्समध्ये मोड नावाच्या फोल्डरला असतात. मुलाने तिथे आपल्या लाल एसटीचा मोड टाकलेला होता आणि काकांची एक गाडी तीच होती. मोड नसताना प्रोफाइल उघडून तसंच पुढे गेलं की गेम ती गाडी काढून टाकतो. म्हणून ते फोल्डरपण पेनड्राइव्हवर, आणि काकांच्या समोर उघडून फाइल मोजून घेतल्या.

मग नवीन एनव्हीएमई म्हणजे जास्त वेगवान एसएसडी बसवली. एक टीबीची, मदरबोर्डवरच्या एम डॉट टू नावाच्या स्लॉटमध्ये, एकच स्क्रू. पीसी चालू केला तर डी ड्राइव्ह गायब. काकांचा चेहरा उतरला, मला म्हणाले गेली का हो? गेली नव्हती. काही मदरबोर्डवर एम डॉट टू स्लॉट आणि एखाद-दोन साटा पोर्ट (हार्डडिस्कची केबल लावायची जागा) एकाच लाइनवर असतात, इकडे ड्राइव्ह बसवली की तिकडचा पोर्ट आपोआप बंद होतो, मॅन्युअलमध्ये बारीक अक्षरात लिहिलेलं असतं. केबल काढून दुसऱ्या पोर्टला लावली, डी परत आली. अशा वेळी कित्येक जण हार्डडिस्क मेली समजून टाकून देतात, मी पाहिलेलं आहे. आणि उलटंही होतं, नवीन ड्राइव्ह धिस पीसीमध्ये दिसत नाही म्हणून बिघडलेली आहे सांगून दुकानात परत नेतात. अरे ती दिसणारच नाही, आधी विंडोजच्या डिस्क मॅनेजमेंटमध्ये जाऊन जीपीटी आखणी करून, पार्टिशन पाडून एनटीएफएस पद्धतीने फॉरमॅट करावं लागतं, मग तिला डी, ई असं अक्षर मिळतं.

आता गेम. स्टीममध्ये सेटिंग, स्टोरेज, नवीन ड्राइव्ह ॲड केली, युरो ट्रकवर मूव्ह दाबलं. थोडा वेळ चाललं आणि डिस्क रीड एरर. वाटलंच होतं. पूर्ण डाउनलोडला काकांच्या नेटवर रात्र गेली असती, मग दुसरा रस्ता घेतला. जुन्या ड्राइव्हवरचं गेमचं फोल्डर रोबोकॉपीने जेवढं येईल तेवढं नवीन ड्राइव्हवर स्टीमलायब्ररी, स्टीमॲप्स, कॉमन या फोल्डरमध्ये आणलं, नाव अगदी तेच ठेवून. मग स्टीममधून जुनं काढून टाकलं आणि परत इन्स्टॉल दाबून नवीन ड्राइव्ह निवडली. स्टीम आधी तिथे काय पडलंय ते तपासतं आणि कमी पडेल तेवढंच उतरवतं. या गेमच्या फाइली मोठमोठ्या एससीएस गठ्ठ्यांच्या असतात, त्यातला एकच अर्धवट आला होता, तेवढं उतरलं आणि काम झालं.

नातू सुट्टीत येतो त्याचा जीटीए पण होता, एपिक या स्टीमसारख्याच दुसऱ्या ॲपवर २०२०च्या मे महिन्यात फुकट वाटला होता तोच. तिथे मी जुनीच पद्धत वापरतो, फोल्डरचं नाव बदलून ठेवायचं, लाँचरमधून म्हणजे एपिकच्या ॲपमधून गेम काढायचा, नवीन ड्राइव्हवर इन्स्टॉल चालू करायचं, दोन-तीन टक्के झाले की पॉज करून लाँचर बंद, मग जुन्या फोल्डरमधलं सगळं नवीनमध्ये टाकून परत चालू, की तो व्हेरिफाय करत सुटतो. जीटीएचे स्टोरी मोडचे सेव्ह पण डॉक्युमेंट्समध्येच, रॉकस्टार गेम्सच्या फोल्डरमध्ये, ते आधीच घेतले होते. हे सगळं चालू असताना काकूंनी पोहे दिले आणि काकांनी कसारा घाटात पावसाळ्यात ब्रेक न वापरता गिअरवर गाडी कशी उतरवायची ते मला सांगितलं, ते लिहायला बसलो तर वेगळाच लेख होईल.

डॉक्युमेंट्सचं लोकेशन परत सीवर आणलं, प्रॉपर्टीजमध्ये लोकेशनचा टॅब असतो तिथून. हे न करता जुनी डिस्क काढली असती तर विंडोज डॉक्युमेंट्स शोधत बसलं असतं आणि गेमने कोरं प्रोफाइल समोर आणलं असतं. मग सारथी फोल्डर आणि मोड जागेवर टाकले आणि गेम उघडला. प्रोफाइल दिसलं, किलोमीटर दिसले, लाल गाडी गॅरेजमध्ये उभी. काकांनी लगेच स्टीअरिंग धरलं नाही, आधी एकेक गॅरेज उघडून सगळ्या गाड्या बघितल्या, ड्रायव्हर बघितले, बँकेचं खातं बघितलं. मग रॉटरडॅमचं काम परत घेतलं आणि निघाले. शहरात शिरताना मी स्क्रीनकडे बघत होतो आणि ते आरशाकडे, कुठेही गोठलं नाही.

जायच्या आधी त्यांच्यासमोर क्लाउडची खूण करून दिली आणि एक छोटी बॅच फाइल म्हणजे ठरलेल्या कमांड आपोआप चालवणारी फाइल बनवली, डेस्कटॉपवर डबल क्लिक केलं की प्रोफाइल आणि मोड पेनड्राइव्हवर जातात. जुनी डिस्क केबल काढून डब्यात ठेवली, वर तारीख टाकली आणि सांगितलं महिनाभर फेकू नका, काही राहिलं असेल तर तेवढ्यात आठवेल. नातवाचा जीटीए रात्री उशिरा पूर्ण झाला, फोनवरच बघून घेतलं. परवा काकांचाच मेसेज आला, जेलरोडलाच त्यांचे एक जुने कंडक्टर राहतात, त्यांनाही हाच गेम हवाय, पीसी कोणता घ्यावा ते विचारत होते. मी म्हटलं घेतानाच एक टीबीची एसएसडी घ्यायला सांगा आणि प्रोफाइल बनवायच्या दिवशी मला बोलवा.