मामाचं वर्कशॉप आणि ४५ दिवस

मामाचं नाशिकच्या अंबड एमआयडीसीत छोटं वर्कशॉप आहे, दोन लेथ, एक ड्रिल मशीन, बस. एका मोठ्या पार्टीचं पेमेंट अडकलं, हप्ते थकले, खातं एनपीए (थकीत कर्ज) झालं आणि ६० दिवसांत पैसे भरा अशी बँकेची नोटीस आली. ती मामाने देव्हाऱ्याखालच्या ड्रॉवरमध्ये ठेवून दिली, मामीलाही सांगितलं नाही. मग एक दिवस शटरवर ताब्याची नोटीस, खळ अजून ओलीच होती.

कुणीतरी म्हणालं थेट हायकोर्टात रिट याचिका टाका, लगेच स्टे मिळतो. मुंबईच्या चकरा, फी, आणि कोर्टाचा पहिलाच प्रश्न, डीआरटीत (कर्जवसुली न्यायाधिकरणात) का नाही गेलात? सरफेसी, म्हणजे बँकेला कोर्टात न जाता तारण ताब्यात घेऊ देणाऱ्या कायद्याच्या कलम १७ खाली ताब्याच्या कारवाईपासून ४५ दिवसांत तिथे अर्ज करता येतो आणि असा मार्ग असताना हायकोर्टाने सहसा रिट घेऊ नये, हे सुप्रीम कोर्टाने २०१० मध्येच सत्यवती टंडन केसमध्ये सांगून ठेवलंय. आमचे ३८ दिवस तसेच गेले होते, खूप जीवाला लागलं.

खरं तर पहिल्या नोटिशीलाच लेखी हरकत द्यायची, बँकेला १५ दिवसांत उत्तर द्यावंच लागतं. डीआरटीत हरलं तर अपिलासाठी कर्जाच्या रकमेच्या निम्मे पैसे भरावे लागतात, सूट मिळाली तरी पाव तरी भरावेच लागतात, म्हणून पहिला अर्ज नीट करा. आणि निफाड-दिंडोरीकडच्यांनो, तारण शेतजमीन असेल तर हा कायदाच लागू होत नाही, ते आधी वकिलाला सांगा.

आमचा अर्ज ४३व्या दिवशी दाखल झाला. कागद मामीनेच लावले, तारखेवार.