जायच्या आधी शूट झालं पाहिजे

मी नागपुरातल्या एका बँडवर आणि स्केटबोर्डवाल्या पोरांवर फिल्म करून राहिलो. त्या बँडच्या बेसिस्टला, म्हणजे बेस गिटारवाल्याला, पुण्यात जॉब लागला. पुढच्या महिन्यात जॉइनिंग. सगळे खुश, मी पण खुश, पण रात्री फुटेज लावून बसलो तर डोक्यात एकच फिरून राहिलं, आपल्या नागपुरातले बँड जॉइनिंग लेटरनं तुटतात. डिग्री झाली की पुणे, हैदराबाद, बेंगलोर, आणि मागं राहते ती कोणाच्या तरी मोबाइलमधली फाटक्या आवाजाची क्लिप.

स्केटवाल्या पोरांचं पण तेच. उन्हाळ्यात पहाटे साडेपाचला सिमेंट रोडवर हजर, कारण एकदा ऊन चढलं की पडल्यावर हात टेकवता येत नाही. मी मागं स्वतः बोर्डवर, कॅमेरा जमिनीपासून वीतभर वर, फिशआय (एकदम रुंद दाखवणारी लेन्स) लावलेली. पद्धत जुनीच आहे, सोनीचा व्हीएक्स१००० हा व्हिडिओ कॅमेरा १९९५ मधे आला, वरचं हँडल धरून पोरं त्यानंच शूट करत सुटली आणि आजही आमची पोरं ते ४:३ (जुन्या टीव्हीच्या आकाराचं) फुटेज बघून म्हणतात, भाऊ असंच पाहिजे. फिशआयनं जवळ जावंच लागते, लांबून झूम मारला की स्पीडच मरून जाते.

पण मला चित्रापेक्षा आवाज जास्त जपायचाय. सिमेंट रोडला थोड्या थोड्या अंतरावर जॉइंट असतो, छोटी कडक चाकं त्यावरून गेली की टक-टक, टक-टक, मग पॉप (बोर्ड उडवल्याचा आवाज), मग काहीच नाही, मग धाडकन लँडिंग. ड्रमरनं हेडफोन लावून ऐकलं आणि मांडीवर तोच ठेका धरला, आता त्याच्यावरच गाणं करून राहिले. गच्चीवरच्या खोलीत मे महिन्यात कूलर बंद करून टेक घ्यावा लागते, नाहीतर सगळ्या ट्रॅकवर कूलरच कूलर. ४५ डिग्रीत एक टेक झाला की सगळे धावत खाली पाणी प्यायला. ते पण ठेवणार फिल्ममधे, कापणार नाही.

एका स्केटरच्या आईला टोकियो ऑलिम्पिकचं सांगितलं, १३ वर्षांच्या मोमिजी निशियानं स्केटबोर्डिंगच्या स्ट्रीट प्रकारात गोल्ड घेतलं ते, तेव्हा कुठं काकू कॅमेऱ्यासमोर बोलायला तयार झाल्या. बरं झालं, पण पोरगा मेडलसाठी खेळतच नाही आणि मला तसं दाखवायचं पण नाही.

परवा एक मित्र म्हणे, काऊन एवढं करून राहिला बे, इथं बँड-स्केटवाल्यांचा सीन (गोतावळा) तरी आहे का, मोठा झाला की शूट कर. मला फिल्ममेकर पेनेलोपी स्फीरिस आठवली. लॉस एंजेलिसचा पंक रॉक बँडांचा सीन तिनं १९७९-८० मधे शूट केला, तो चालू असतानाच. जर्म्स बँडचा गायक डार्बी क्रॅश त्यात किचनमधे नाश्ता बनवताना पण दिसतो, आणि १९८१ मधे फिल्म लागली तेव्हा तो नव्हता, डिसेंबर १९८० मधे गेला, वय २२. २०१६ मधे ती फिल्म अमेरिकेच्या नॅशनल फिल्म रजिस्ट्रीत, म्हणजे जपून ठेवायच्या फिल्मांच्या यादीत, गेली. पण मला राहून राहून तो किचनच दिसते. ती सीन मोठा व्हायची वाट बघत बसली असती तर तो नाश्ता कोणी शूट केला असता?

तर ठरवलं. बेसिस्ट जायच्या आधी त्या खोलीत सगळी गाणी लाइव्ह, एका दमात, आणि स्केटवाल्या पोरांना पण तिथंच बोलवायचं, बोर्ड घेऊन. दोन्हीकडची पोरं अजून एकमेकांना भेटलीच नाहीत, एकाच शहरात राहून. ड्रमरला मेसेज टाकला, रविवार चालते म्हणे. आता मायकांचं बघायचं.